वाचनालयात गेम्स ठेवावेत का? (बालविभाग, चार संगणक आणि दुभंगलेली कार्यकारिणी)

पानवेल

नमस्कार मंडळी. सातारा जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी आमचं 'ब' वर्गातलं सार्वजनिक वाचनालय आहे. मी तिथे सहकार्यवाह आहे, म्हणजे सह्या सोडून बाकी सगळं करते. आमचे एक जुने वर्गणीदार आता पुण्यात बऱ्या हुद्द्यावर आहेत. त्यांनी ऑफिसातून बदलून काढलेले चार डेस्कटॉप देऊ केलेत. अट एकच, ते बालविभागातच राहायचे, कार्यालयात न्यायचे नाहीत. (आमच्या कार्यालयाची कीर्ती पुण्यापर्यंत पोचलेली दिसते.)

बालविभागाची परिस्थिती अशी की असमान निधीतून (ज्यात वाचनालयाला स्वतःचा वाटा घालावा लागत नाही अशा अनुदानातून) पुस्तकं बरी मिळालीत, बुटकी कपाटं आहेत, सतरंजी आहे. फक्त मुलं नाहीत. वार्षिक परीक्षा संपली की आईबरोबर येतात, दोन पुस्तकं नेतात आणि ती परत करायला आजोबा येतात. मला वाटतंय की शिकवणारे गेम, कोडी, चित्रकलेचे प्रोग्रॅम असं काही ठेवलं तर निदान पाय तरी लागतील. कार्यकारिणीतले निम्मे म्हणतात "सायबर कॅफे काढायचाय का?", उरलेले म्हणतात "काढा, पण स्पर्धा परीक्षेचे प्रश्नसंच टाका". चौथीच्या पोरांसाठी!

तर मला हे हवंय: खेळायला आलेली मुलं खरंच कपाटापर्यंत जातात का? इंटरनेट मरतुकडं आहे, त्याच्याशिवाय काय चालेल? आणि भांडणं होऊ नयेत म्हणून नियम काय करावेत? शाळेच्या ग्रंथालयातले अनुभवही चालतील. फक्त स्वतः पाहिलेलं सांगा, व्हॉट्सॲपवर आलेलं नको.

उनाड पोपट

सॉलिटेअर टाका. मुलं नाही आली तरी कार्यकारिणी रोज हजर राहील. हलकेच घ्या.

अण्णा_५२

स्पष्ट लिहितो, राग नसावा. पुणे नगर वाचन मंदिर १८४८ चं, कोल्हापूरचं करवीर नगर वाचन मंदिर १८५० चं. इतकी वर्षं ही वाचनालयं गेमवाचून चालली. मुलं येत नाहीत कारण घरात कोणी वाचताना दिसत नाही. त्यावर हा इलाज म्हणजे देवळात गर्दी होत नाही म्हणून गाभाऱ्यात टीव्ही लावण्यातला प्रकार.

आणि एक व्यवहाराचा मुद्दा. प्रत्येक घरात मोबाईल आहे, त्यात गेम आहेत, तेही रंगीबेरंगी आणि फुकट. ते सोडून पोरगं तुमच्या जुन्या डेस्कटॉपवर बेरजा करायला उन्हातून येईल असं तुम्हाला का वाटतं?

शिरीष_ठाणे

अण्णांच्या दुसऱ्या मुद्द्याला अनुमोदन. पहिल्याला नाही.

ग्रंथपालबाई

पानवेल, मी मुंबईतल्या एका अनुदानित शाळेत ग्रंथपाल आहे, आता निवृत्तीला आलेय. आमच्याकडे आठवड्याला एक ग्रंथालय तास असतो. कागदावर! प्रत्यक्षात कुठले सर रजेवर गेले की तो ऑफ तास म्हणून माझ्या गळ्यात. साठ मुलं, पस्तीस मिनिटं. त्यात पुस्तकं बदलून देणं होतं, वाचन होत नाही.

संगणक यायच्या कितीतरी आधीपासून मी एक खेळ घेते, तो सांगते. चिठ्ठ्या करायच्या. प्रत्येक चिठ्ठीवर फक्त वर्गांक (विषयानुसार पुस्तकाला दिलेला क्रमांक) आणि एक प्रश्न. '५९८, घरटं न बांधणारा पक्षी कोणता?' '५२३, कोणत्या ग्रहाला सर्वात ठळक कडी आहेत?' '७९३.८, यातला एक प्रयोग करून दाखवा.' तिघातिघांचे गट. कपाटाशी जायचं, अंकावरून पुस्तक हुडकायचं, उत्तर शोधायचं, पुस्तक *जिथून काढलं तिथेच* ठेवायचं. चुकीच्या जागी ठेवलं तर गट बाद.

पहिल्या वेळी गोंधळ होतो. दशांशचिन्हापुढचे आकडे त्यांना झेपत नाहीत, ७९३.८ हे ७९३.७३ च्या आधी येतं की नंतर यावर हमरीतुमरी होते. (गणिताच्या बाई मला म्हणाल्या, माझा दशांश अपूर्णांकाचा धडा तुम्हीच घेतलात.) पण दोन-तीन फेऱ्यांनंतर मुलं कपाटाशी माझ्याविना वावरतात. ७९३.८ म्हणजे जादूचे प्रयोग. ते पुस्तक आता चिकटपट्टीवर उभं आहे, तीनदा बांधून आणलं.

तेव्हा तुमच्या पहिल्या प्रश्नाला माझं उत्तर: खेळाचा रस्ताच कपाटावरून गेला तर मुलं कपाटापर्यंत जातात. खेळ एका कोपऱ्यात आणि कपाट दुसऱ्या, असं असेल तर नाही जात. संगणकाचं सॉफ्टवेअर जाणकार सांगतील.

पानवेल

बाई, हे उद्याच करून बघते. चिठ्ठ्यांना अनुदान लागत नाही!

लिनक्सवाला

जाणकार म्हणून हाक आली असं समजून लिहितो. :)

जुने डेस्कटॉप असतील तर आधी विंडोज काढा आणि एखादं हलकं लिनक्स टाका. परवान्याची भानगड नाही, व्हायरसची फारशी नाही, आणि पोरांना बाहेरून गेम आणून टाकणं सोपं नाही. मग:

जीकॉम्प्री. २००० सालापासून चालू असलेला मुक्त प्रकल्प आहे, साधारण दोन ते दहा वर्षांच्या मुलांसाठी. शंभराहून जास्त छोटे खेळ आहेत. माऊस हातात बसवण्यापासून ते बुद्धिबळापर्यंत. कालव्याच्या दारांतून बोट वर चढवायची असते, तो खेळ मोठी माणसंही सोडत नाहीत. जाहिराती नाहीत, इंटरनेट लागत नाही.

टक्समॅथ. वरून उल्का पडतात, प्रत्येकीवर एक गणित. उत्तर टाइप केलं की उल्का फुटते, नाही टाकलं तर खाली पेंग्विनच्या इग्लूवर पडते. पाढे पाठ नसलेल्या पोरांना इग्लूची दया येऊन पाढे पाठ करताना मी स्वतः पाहिलंय.

टक्सपेंट, चित्रांसाठी. हिचे आवाज मात्र आधी बंद करा, नाहीतर ग्रंथपाल राजीनामा देतील.

थोडी मोठी मुलं असतील तर स्क्रॅच (मुलांना प्रोग्रॅम करायला शिकवणारं, एमआयटीचं, २००७ पासून), त्याची ऑफलाइन आवृत्ती मिळते. सातवी-आठवीसाठी फेट सिम्युलेशन, म्हणजे पडद्यावर करायचे विज्ञानाचे प्रयोग. कोलोरॅडो विद्यापीठात २००२ मध्ये कार्ल वायमन या नोबेल मिळालेल्या शास्त्रज्ञाने हा प्रकल्प सुरू केला. बॅटरी, वायर, दिवा जोडून सर्किट करा, जास्त दाब दिला तर पडद्यावर आग लागते. बरीच सिम्युलेशन्स मराठीत आहेत आणि एकदा फाइल उतरवून घेतली की नेट नको.

फेटसारखं साहित्य एका जागेवरून द्यायचं तर एका मशीनवर कोलिब्री (नेटशिवाय शिक्षणसाहित्य पुरवणारा प्रोग्रॅम) टाका आणि उरलेली तीन त्याला जोडा. किविक्स या नेटशिवाय चालणाऱ्या वाचकावर अख्खा मराठी विकिपीडिया पेनड्राइव्हमधून वाचता येतो.

उनाड पोपट

पडद्यावर आग लागते तो प्रोग्रॅम आमच्या वायरमनलाही द्या. तो थेट खांबावर प्रयोग करतो.

बंड्या_अभ्यासिका

माझी बाजूही ऐका. मी तालुक्याच्या वाचनालयाच्या अभ्यासिकेत बसून राज्यसेवेची तयारी करतो. आमच्याकडे 'बालविभाग सक्षमीकरण' म्हणून कॅरम ठेवला होता. अभ्यासिका आणि कॅरम यांच्यामध्ये एक प्लायवूडचा पडदा. राणी कव्हर झाली की नाही हे मला पाठ्यपुस्तकातल्या कलमांपेक्षा जास्त लक्षात आहे.

थट्टा सोडा. आज गावोगावची वाचनालयं आमच्यासारख्यांच्या अभ्यासिकेच्या फीवर तग धरून आहेत हे कार्यकारिणीला माहीत असतं. मुलांचा गोंगाट झाला की आम्ही जाणार, मग वीजबिल कोण भरणार? वेळ वेगळी ठेवा. एवढंच.

अण्णा_५२

बंड्या, बरोबर बोललास. या वयात शांतता मागणारा तरुण भेटला!

मिनेसोटाकर

इकडचं थोडं लिहिते. शाळेतल्या गेमच्या इतिहासात आमचं राज्य मोठं आहे. ऑरेगॉन ट्रेल हा गेम १९७१ मध्ये इथल्याच तीन तरुण शिक्षकांनी इतिहासाच्या तासासाठी केला. बैलगाड्यांचा तांडा घेऊन पश्चिमेकडे जायचं, वाटेत धान्य संपतं, हगवणीने माणसं दगावतात. तेव्हा पडदाही नव्हता, टेलिटाइपच्या कागदावर छापून यायचं. पुढे राज्याने शाळांना संगणक पुरवायला मेक नावाची संस्था काढली आणि तिच्यामार्फत तो सगळीकडे गेला. आता चाळिशी-पन्नाशीत असलेले इथले लोक त्या गेमबद्दल आपण चांदोबाबद्दल बोलतो तसे बोलतात.

अण्णा, तुमच्या १८४८ आणि १८५० ला माझं १८५४. सॅन फ्रान्सिस्कोला मेकॅनिक्स इन्स्टिट्यूट म्हणून कामगारांसाठी काढलेलं ग्रंथालय आहे, १८५४ चं. तिथला बुद्धिबळ क्लब तेव्हापासून त्याच संस्थेत आहे. म्हणजे वाचनालय आणि खेळ यांचं लग्न जुनंच आहे, फक्त आपल्या पंक्तीला नव्हतं.

माझ्या मुलीच्या लायब्ररीत लहान मुलांसाठी दोन वेगळे संगणक आहेत, इंटरनेट नसलेले, आधीच खेळ भरलेले, रंगीत कीबोर्डचे. वेळ संपली की पडदा आपोआप बंद होतो, कुणाला ओरडावं लागत नाही. बोर्ड गेम तर पुस्तकासारखे घरी मिळतात. परत आले की डब्यातल्या सोंगट्या मोजून घेणं हे तिथल्या कर्मचाऱ्यांचं सर्वात नावडतं काम.

पण सगळंच गोड नाही. शाळेत अॅक्सिलरेटेड रीडर नावाचा प्रोग्रॅम असतो, १९८० च्या दशकातला. पुस्तक वाचा, संगणकावर प्रश्नमंजूषा सोडवा, गुण मिळवा. प्रत्येक पुस्तकाला पातळी आणि गुण ठरलेले. माझ्या मुलीने आजीने पाठवलेलं मराठी पुस्तक बाजूला ठेवलं, कारण? "याचे पॉइंट्स नाहीत."

मानसी_क

मिनेसोटाकर, शेवटच्या ओळीवर थांबले.

मी मानसशास्त्र शिकवते. १९७३ चा एक प्रसिद्ध प्रयोग आहे, लेपर, ग्रीन आणि निस्बेट यांचा, स्टॅनफर्डच्या बालवाडीत केलेला. ज्या मुलांना स्केचपेनने चित्रं काढायला मुळातच आवडतं अशी मुलं निवडली. काहींना आधी सांगितलं की चित्र काढलंत तर सोनेरी शिक्का-फीत लावलेलं प्रमाणपत्र मिळेल. काहींना न सांगता नंतर दिलं. काहींना काहीच नाही. एक-दोन आठवड्यांनी वर्गात पेन नुसतेच ठेवले, बक्षीस नाही काही नाही. ज्यांना आधी कबूल केलं होतं ती मुलं चित्रांकडे पूर्वीपेक्षा कमी वळली. बाकीच्यांचं तसं झालं नाही.

यातला 'मुळातच आवडतं' हा भाग लोक विसरतात. ज्याला पुस्तकाचा गंधच नाही त्याला पहिल्या पायरीवर आणायला शिक्का, चिकटचित्र उपयोगी पडतं. इंग्लंडमध्ये १९९९ पासून उन्हाळी वाचन आव्हान चालतं, सुट्टीत सहा पुस्तकं वाचायची, दर टप्प्याला काहीतरी मिळतं. पण तिथे पुस्तक मुलाने निवडायचं, परीक्षा नाही, पातळी नाही. फरक तिथे आहे.

म्हणून पानवेल, गेम जरूर ठेवा, पण 'पुस्तक वाचलं तर पंधरा मिनिटं गेम' असा सौदा करू नका. त्यातून मुलाला एकच गोष्ट कळते, की पुस्तक हे गेमचं तिकीट आहे.

शिरीष_ठाणे

हा सौदाच आमच्या सोसायटीच्या वाचनकट्ट्यावर केला होता. मुलं पुस्तकाची शेवटची दोन पानं वाचून यायची. एकाने तर पाककृतीचं पुस्तक आणलं, शेवटचं पान चकलीचं. गोष्ट काय म्हटल्यावर म्हणतो, "तळून काढली."

उनाड पोपट

🤣 ही शोकांतिका आहे. शेवटी सगळ्या चकल्या मरतात.

डोंगरातले गुरुजी

जि. प. शाळेवर आहे, दोन शिक्षकी. शाळेचं ग्रंथालय म्हणजे एक लोखंडी पेटी आणि तारेवर अडकवलेली पुस्तकं. लोकवर्गणीतून टॅब आले. इथे शहरातून जे लिहितात त्यांना एक सांगतो, पहिला प्रश्न सॉफ्टवेअरचा नसतो, बिलाचा असतो. वीज तोडली की डिजिटल शाळा म्हणजे नुसता फळा.

रायगड जिल्ह्यात कर्जतजवळ खैराट म्हणून वाडी आहे. २००७ मध्ये 'प्रत्येक मुलाला एक लॅपटॉप' या जागतिक योजनेचा भारतातला पहिला प्रयोग तिथल्या शाळेत झाला. हिरवे-पांढरे छोटे लॅपटॉप. मुलांनी फोटो काढले, आवाज मुद्रित केले, घरी नेऊन आयांना दाखवले. पण देशभर काही तो पसरला नाही. यंत्र आणणं जमतं. ते बिघडल्यावर कोण बघणार हे ठरलेलं नसतं.

आमच्याकडे जे टिकलं ते सांगतो. बालभारतीच्या पुस्तकातले क्यूआर कोड दीक्षा या सरकारी ॲपवर उघडतात, ते मी घरी नेट असताना उतरवून ठेवतो. वाचनासाठी गूगलचं रीड अलाँग. मूल मराठीतून मोठ्याने वाचतं, दिया नावाची बाहुली ऐकते, अडखळलं तर शब्द सांगते, आणि गोष्टी आधी उतरवल्या तर नेटशिवाय चालतं. माझ्यासमोर न वाचणारी एक मुलगी दियासमोर वाचते. मी चुकलं की भुवई वर करतो म्हणे, दिया करत नाही. प्रथम बुक्सच्या स्टोरीवीव्हर या संकेतस्थळावरच्या मराठी गोष्टी मी छापून शिवून घेतो, परवाना खुला आहे, कुणाला विचारावं लागत नाही. पडद्यावर पाहिलेली गोष्ट हातात आली की तीच तीच वाचतात.

एका टॅबला तीन मुलं ठेवतो. कमी आहेत म्हणून ठेवली होती, आता जास्त मिळाले तरी तिघंच ठेवीन. एकटं मूल गप्प बसून बटणं दाबतं. तिघं असली की वाद घालतात, आणि वाद घालायला कारण सांगावं लागतं.

बंड्या_अभ्यासिका

गुरुजी, प्रतिसाद मस्त. पण "मोठ्याने वाचतं" वाचून माझ्या पोटात गोळा आला.

क्लासचा विद्यार्थी

तिघांना एक यंत्र, हे वाचून १९८४-८५ आठवलं. केंद्र सरकारचा क्लास प्रकल्प होता, इंग्लंडहून बीबीसी मायक्रो संगणक निवडक शाळांत आले. आमच्या शाळेतही आले. खोलीला पडदे, गालिचा, चपला बाहेर, सरांच्या परवानगीशिवाय की दाबायची नाही. रबरी आवरणाखाली यंत्र इतकं जपलं की ते नवंकोरंच म्हातारं झालं. पानवेल, माऊस तुटू द्या. माऊस भाजीच्या भावात मिळतात.

सोंगटी

सगळे पडद्यावरच का बोलताय? चार संगणक आले तर येऊ देत, पण एक लांब टेबल आणि दहा-बारा पट आधी आणा. सारीपाट, वाघबकरी, चल्लस-आठ, मोक्षपट, बुद्धिबळ. निम्मे तर खडूने फरशीवर आखता येतात. वाघबकरीत एका बाजूला थोडे वाघ आणि दुसरीकडे बकऱ्यांचा कळप, दोघांचे नियम वेगळे. पोरं आधी वाघासाठी भांडतात. थोडं खेळल्यावर कळतं की बकऱ्यांनी एकी ठेवली तर वाघच अडकतो, मग बकऱ्यांसाठी भांडतात.

आम्ही सांगलीकडचे, त्यामुळे बुद्धिबळाबद्दल जरा जास्तच बोलतो. भाऊसाहेब पडसलगीकरांनी गावाला लावलेलं वेड आहे ते. मी ज्या वाचनालयात रविवारी जातो तिथे पट मांडायला सुरुवात केली तेव्हा बुद्धिबळाची दोन पुस्तकं होती, दोन्ही धूळ खात. मुलं हरायला लागल्यावर ती बाहेर आली. गेल्या वर्षी, २०२५ च्या जुलैत नागपूरच्या दिव्या देशमुखने महिला विश्वचषक जिंकला तेव्हा तर मुली यायला लागल्या आणि वर्तमानपत्रातला डाव मांडून बघायला लागल्या. इंग्रजी पुस्तकातली चालींची भाषा अक्षर-अंकांची असते, ती मराठी शाळेच्या पोरीलाही वाचता येते. इंग्रजीची भीती मोडायला याहून सोपी वाट मला दिसली नाही.

अण्णा_५२

बुद्धिबळाला माझी हरकत नव्हतीच. बुद्धिबळात आवाज नाही, वीज नाही. माझी हरकत पडद्याला आहे आणि राहील.

पणजीचो

पणजीला पाटोवर कृष्णदास शामा राज्य मध्यवर्ती ग्रंथालय आहे. संस्था १८३२ ची, इमारत अलीकडची. वेगवेगळ्या मजल्यांवर वेगवेगळे विभाग, मुलांचा वेगळा. इमारत अशी असली की बंड्या आणि पोरं दोघंही सुखी. तालुक्याच्या गावी एका खोलीत चार खोल्या बसवायच्या असतात, ही खरी अडचण आहे. मग जागेऐवजी वेळ वाटून घ्या, बंड्या म्हणतो तसं.

हेलसिंकीचं ऊडी ग्रंथालय (डिसेंबर २०१८) पाहून आलो. तिथे गेमच्या खोल्या, शिवणयंत्रं, त्रिमितीय छपाई, सगळं मधल्या मजल्यावर. पुस्तकं सर्वात वर, उजेडात. आजीबाई मशीनवर पडदा शिवत होत्या, शेजारच्या काचेपलीकडे पोरं गेम खेळत होती.

शिरीष_ठाणे

अवांतर: वाचनालयात शिवणयंत्र ठेवलं तर आमच्या आईचं आजीव सभासदत्व पक्कं. धागा भरकटतोय हे मान्य, पण फिनलंडला लोकसंख्या किती, आपली किती…

उनाड पोपट

आला आला, लोकसंख्येचा प्रतिसाद आला! धाग्याला पूर्णत्व आलं.

लिनक्सवाला

भरकटलेला धागा परत आणतो. अण्णांच्या "मोबाईल सोडून कोण येईल" या प्रश्नाला कोणीच नीट उत्तर दिलं नाही. माझं असं: मोबाईलवरचा फुकट गेम कोणीतरी मुलाला जास्तीत जास्त वेळ चिकटवून ठेवण्यासाठी बनवलेला असतो. दर दोन मिनिटांनी जाहिरात, नाणी विकत घ्या, पाच मित्रांना पाठवा. वाचनालय कुठलंही पुस्तक उचलून कपाटात ठेवत नाही, निवड समिती असते. गेमही तसाच निवडा, ज्यात खरेदी नाही, खातं उघडणं नाही. मुलाचं नाव-वय-फोन मागणारा प्रोग्रॅम टाकूच नका. २०२३ च्या डेटा संरक्षण कायद्यात अठरा वर्षांखालच्यांची माहिती घ्यायला पालकांची संमती लागते, ते झेंगट वाचनालयाने कशाला घ्यायचं?

आणि दुसरं म्हणजे तिथे शेजारी दुसरं पोरगं असतं. घरच्या मोबाईलमध्ये ते नसतं.

अण्णा_५२

हे उत्तर पटण्यासारखं आहे. तरी मी मतदानात विरोधातच हात वर करीन.

मानसी_क

अण्णा, तुम्ही पानवेलच्या कार्यकारिणीत आहात की काय? :)

अण्णा_५२

नाही. पण प्रत्येक कार्यकारिणीत एक असतो.

ग्रंथपालबाई

पानवेल, कामाचं सांगते, नंतर तपासणीच्या वेळी धावपळ नको. देणगीदाराकडून पत्र घ्या, त्यात चारही यंत्रांचे क्रमांक आणि 'बालविभागासाठी' हे शब्द असू द्या. जडसंग्रह नोंदवहीत (टिकाऊ वस्तूंच्या वहीत) नोंद करा. पट-सोंगट्यांचीही. ठराव मासिक सभेत मंजूर करून इतिवृत्तात घ्या, 'गेम' असं लिहू नका, 'बालवाचकांसाठी शैक्षणिक उपक्रम' लिहा. शब्द कोरडा आहे, पण प्रश्न येत नाहीत.

आणि माणूस ठरवा. ग्रंथालयशास्त्रज्ञ रंगनाथनांनी १९३१ मध्ये पाच सूत्रं दिली, त्यात ग्रंथालय ही वाढणारी संस्था आहे असं म्हटलं. वाढणारी म्हणजे ग्रंथपालाच्या तुटपुंज्या पगारात वाढणारी नव्हे. तुमचे ग्रंथपाल देवघेव सांभाळून पोरांकडे बघू शकणार नाहीत. संध्याकाळी दोन तास बसेल असं कोणी नसेल तर यंत्रं खोक्यातच राहू द्या, हे मी मनापासून सांगते. शेजारी बसून "अरे, ही उल्का खरी असते का? चल बघू ५२३ मध्ये" असं म्हणणारं कोणी नसलं तर सगळं वर सांगितलेलं सॉफ्टवेअर नुसती करमणूक आहे.

डोंगरातले गुरुजी

बाईंशी शंभर टक्के सहमत. नववी-दहावीच्या मुलींना विचारा. पुस्तकांची वर्गणी माफ करा, त्या बसतील. बाहेरच्या माणसापेक्षा त्या लहान पोरांना बरोबर ताळ्यावर ठेवतात.

पानवेल

एवढे प्रतिसाद येतील असं वाटलं नव्हतं, सर्वांचे आभार. काल सभा झाली. ठरलं ते असं:

चारपैकी दोनच संगणक सध्या मांडायचे, उरलेले दोन सुट्या भागांसाठी. ते कपाटांच्या रांगेतच, विज्ञान आणि गोष्टी यांच्या मधोमध, म्हणजे उठलं की हात पुस्तकाला लागेल. एका यंत्राला दोन-तीन मुलं, वीस मिनिटं, पाळी पाटीवर खडूने. मंगळवार, गुरुवार आणि शनिवारी साडेचार ते साडेसहा. अभ्यासिकेतल्या मुलांनी ही वेळ स्वतःच सुचवली, तेव्हा ती चहाला आणि फिरायला जातात म्हणे. लांब टेबल सुताराला सांगितलंय, त्यावर बुद्धिबळ आणि वाघबकरी. गुण, शिक्के, सौदे काही नाही. चिठ्ठ्यांचा खेळ शनिवारी, तो मी घेणार. बसायला दोन मुली आणि एक निवृत्त तलाठीकाका तयार झालेत. काकांना टक्समॅथ दाखवला तर ते उठेनात.

ठराव सहा विरुद्ध तीन असा मंजूर झाला. त्या तिघांपैकी एकांनी हरकत लेखी दिलीय, 'दरमहा बालविभागातून देवघेव किती झाली याचा आकडा सभेपुढे ठेवावा'. मला वाटतं ती हरकत नाही, चांगली सूचना आहे. ठेवणार.

एक शंका राहिली. जीकॉम्प्री आणि टक्समॅथ दोन्ही नेटशिवाय कसं बसवायचं? आणि आमच्याकडे दिवसातून दोन-तीनदा वीज जाते.

अण्णा_५२

तो आकडा इथेही टाका. सहा महिन्यांनी.

लिनक्सवाला

पेनड्राइव्हवर सगळं भरून पोस्टाने पाठवतो, त्यावरूनच यंत्र सुरू होईल आणि बसेल. पत्ता व्यक्तिगत निरोपातून कळवा. विजेचं म्हणाल तर जुन्या डेस्कटॉपबरोबर यूपीएस आले असतील, पण त्यांच्या बॅटऱ्या बहुधा बसलेल्या असणार. आधी तपासा. नवी बॅटरी टाकली की पाच-दहा मिनिटं मिळतात, तेवढ्यात यंत्र नीट बंद करायला मुलींना शिकवा.